गाणं पडद्यावर वाजलं, पैसे कुणाच्या खात्यात? सिंक फी आणि रॉयल्टी समजून घेऊ, कर्जत-खालापूरहून

"दादा, ही पीडीएफ बघ ना. सही करू का?"

माझ्या मावसभावाचा हा मेसेज रात्री साडेदहाला आला. तो खालापूर तालुक्यातला, चौकच्या पुढच्या एका गावात राहतो. त्याने आणि त्याच्या मित्राने मिळून एक हळदीचं गाणं केलं होतं. शब्द याचे, चाल मित्राची, बीट मोबाइलमधल्या ॲपवर बनवलेली, आवाज मित्राच्या बहिणीचा, आणि रेकॉर्डिंग खोपोलीतल्या एका खोलीवजा स्टुडिओत. गाणं यूट्यूबवर टाकलं, आजूबाजूच्या गावांत डीजेवाल्यांनी वाजवलं, विषय संपला. मग कर्जतजवळच्या एका फार्महाऊसवर एका वेब सिरीजचं शूटिंग लागलं. लग्नाचा सीन होता. लाइटवाल्या पोरांपैकी कुणीतरी जेवणाच्या सुट्टीत हे गाणं फोनवर लावलं आणि ते दिग्दर्शकाच्या कानावर पडलं. दोन दिवसांत प्रॉडक्शनकडून पीडीएफ आली. पंधरा हजार रुपये, एकदाच. बदल्यात गाण्याचे सर्व हक्क, सर्व माध्यमांत, संपूर्ण विश्वात, कायमचे.

"संपूर्ण विश्वात" वाचून आम्ही दोघं हसलो. मंगळावर सिरीज कोण बघणार? पण करारातला हा शब्द विनोद म्हणून टाकलेला नसतो, त्यामागे आपल्याच कायद्यातलं एक कारण आहे. त्याच्याकडे नंतर येतो. त्या रात्री मी त्याला एवढंच म्हटलं, "अरे, थांब. उद्या सकाळपर्यंत सही करू नको." पुढच्या आठवडाभरात त्याला जे समजावलं ते इथे नीट मांडतोय. मी वकील नाही. मोठ्या रकमेचा करार असेल तर वकिलाला दाखवाच. पण वकिलाकडे जाण्याआधी काय विचारायचं ते तरी माहीत हवं.

एका गाण्यात दोन मालमत्ता

सगळा गोंधळ इथून सुरू होतो. फोनवर प्ले दाबलं की आपल्याला एकच गोष्ट ऐकू येते, पण कायद्याच्या नजरेत तिथे दोन वेगळ्या वस्तू असतात. एक म्हणजे रचना: शब्द आणि चाल. दुसरी म्हणजे रेकॉर्डिंग, ज्याला धंद्यात मास्टर म्हणतात. रचना डोक्यातून येते आणि कागदावरही राहू शकते. मास्टर म्हणजे त्या रचनेची एक विशिष्ट ध्वनिफीत. एकाच रचनेची पन्नास रेकॉर्डिंग होऊ शकतात आणि प्रत्येकाचा मालक वेगळा असू शकतो.

उदाहरण सगळ्यांच्या माहितीतलं घेऊ. 'जत्रा' सिनेमातलं 'कोंबडी पळाली' आणि २०१२ च्या 'अग्निपथ'मधलं 'चिकनी चमेली'. चाल तीच, संगीतकार तेच, अजय-अतुल. पण मराठी शब्द जितेंद्र जोशीचे, हिंदी शब्द अमिताभ भट्टाचार्यचे. मराठीत वैशाली सामंतचा आवाज, हिंदीत श्रेया घोषालचा. म्हणजे चाल एक, शब्दांचे संच दोन, मास्टरही दोन. आता उद्या कुणाला आपल्या सिरीजमध्ये 'चिकनी चमेली' वाजवायचं असेल तर चालीचा हक्क, हिंदी शब्दांचा हक्क आणि त्या हिंदी रेकॉर्डिंगचा हक्क, इतक्यांची परवानगी लागते. मराठी शब्दांचा त्यात काही संबंध नाही, कारण ते वाजतच नाहीत. आणि कुणी ती चाल घेऊन स्वतः नवीन गायिकेकडून गाऊन घेतली तर जुन्या मास्टरच्या मालकाला विचारायची गरज नाही, चालीच्या मालकाला मात्र विचारावंच लागतं.

हे डोक्यात बसलं की आमच्या पीडीएफमधला पहिला घोळ लगेच दिसतो. तिच्यात फक्त माझ्या मावसभावाचं नाव होतं. चाल करणाऱ्या मित्राचं नाव कुठेच नाही, गाणाऱ्या बहिणीचं तर नाहीच. प्रॉडक्शनवाल्याने यूट्यूब चॅनेल ज्याच्या नावावर दिसलं त्यालाच मालक धरलं होतं. भावाने सही केली असती तर जे त्याचं नव्हतंच तेही त्याने विकलं असतं, आणि मैत्री गेली असती ती वेगळीच.

सिंक फी: आधी मिळणारे पैसे

चित्र आणि गाणं एकत्र जोडण्याच्या परवानगीला सिंक लायसन्स म्हणतात. सिंक म्हणजे सिंक्रोनायझेशन, दृश्याशी आवाज जुळवणं. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात हा शब्द नाही. पण कलम १४ मध्ये संगीत आणि शब्दांच्या मालकाला "त्यावरून सिनेमा किंवा ध्वनिमुद्रण करण्याचा" हक्क दिला आहे, आणि सिंकची मुळं तिथे आहेत. कायद्याच्या दृष्टीने वेब सिरीज, सीरियल, जाहिरात, यूट्यूबवरची शॉर्ट फिल्म, हे सगळं 'सिनेमा'च.

सिंक फीला सरकारी दर नाही. ती घासाघीस करूनच ठरते. गाणं टायटलला वाजणार की मागे रेडिओवर पाच सेकंद, पात्रं त्यावर नाचणार की फक्त वातावरणासाठी आहे, ट्रेलरमध्येही वापरणार का, एका वर्षासाठी की कायमचं, या सगळ्यावर रक्कम बदलते. रचनेसाठी एक फी आणि मास्टरसाठी दुसरी, अशी ती दोन भागांत मोजतात. मोठ्या म्युझिक कंपन्यांकडे बहुतेक वेळा दोन्ही हक्क एकत्र असतात, त्यामुळे प्रॉडक्शनला एकाच दारात काम होतं. आपल्यासारखी घरी गाणं बनवणारी पोरंही अशा अर्थाने 'एक दार' असतात, फक्त त्या दारामागे तीन जण राहतात हे समोरच्याला सांगावं लागतं.

फी एकदाच मिळते. सिरीज दहा लाख लोकांनी बघितली म्हणून ती वाढत नाही. सिरीज डब्यात गेली तरी ती परत द्यावी लागत नाही, तसं करारात लिहिलं असेल तर गोष्ट वेगळी.

रॉयल्टी: नंतर येणारे पैसे, आणि त्यांच्यासाठी झालेली भांडणं

आता खरा मुद्दा. गाणं सिनेमात गेलं, मग तो सिनेमा टीव्हीवर लागला, ॲपवर आला, परदेशात कुणी पाहिला. प्रत्येक वेळी गाण्याचाही वापर होतो. त्या वापराचे पैसे म्हणजे रॉयल्टी.

आमच्या भागात याचं चांगलं उदाहरण आहे. चौकजवळचा एन. डी. स्टुडिओ नितीन देसाईंनी २००५ मध्ये उभा केला. सगळे त्याला 'कर्जतचा स्टुडिओ' म्हणतात, तालुका मात्र खालापूर आहे, आणि यावरून आमच्याकडे अजूनही चेष्टा चालते. तिथे 'जोधा अकबर'चे भव्य सेट लागले होते. सिनेमा २००८ चा, संगीत ए. आर. रहमान, बहुतेक गाण्यांचे शब्द जावेद अख्तर यांचे. त्या वेळचा कायदा असा होता की गीतकाराने किंवा संगीतकाराने सिनेमासाठी पैसे घेऊन गाणं करून दिलं, आणि करारात वेगळं काही लिहिलेलं नसलं, की त्या गाण्याचा पहिला मालक निर्माता. १९७७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटी, म्हणजे आयपीआरएस, विरुद्ध ईस्टर्न इंडिया मोशन पिक्चर्स असोसिएशन या खटल्यात हाच अर्थ लावला होता. त्यामुळे पुढची पस्तीस वर्षं बहुतेक गीतकार-संगीतकार एकरकमी पैसे घेऊन गाणं देऊन टाकत राहिले. गाणं पुढे कितीही गाजो.

याच जावेद अख्तर यांनी राज्यसभेत हा प्रश्न लावून धरला. मे २०१२ मध्ये दोन्ही सभागृहांनी कॉपीराइट कायद्यातली दुरुस्ती मंजूर केली आणि २१ जून २०१२ पासून ती लागू झाली. तिच्यातली तरतूद सोप्या भाषेत अशी: सिनेमात गेलेल्या गाण्याच्या गीतकाराने आणि संगीतकाराने बाकी हक्क विकले तरी रॉयल्टीतला समान वाटा घ्यायचा हक्क त्यांना विकता येत नाही आणि सोडूनही देता येत नाही. तो फक्त वारसांना किंवा कॉपीराइट सोसायटीला देता येतो. "मला रॉयल्टी नको" असं लिहून घेणारा करार केला तरी तेवढा भाग रद्दबातल. कलम १८ आणि १९ मध्ये हे आहे.

एक मोठा अपवाद मात्र आहे आणि तो बऱ्याच जणांना माहीत नसतो. सिनेमा थिएटरमध्ये दाखवला जातो तेव्हा ही समान वाट्याची तरतूद लागू होत नाही. कर्जतच्या थिएटरमध्ये शो हाऊसफुल्ल झाला म्हणून गीतकाराला रॉयल्टी नाही, तोच सिनेमा नंतर तुम्ही फोनवर पाहिलात तर आहे. (अमेरिकेतही थिएटरं ही रॉयल्टी भरत नाहीत, ब्रिटनमध्ये भरतात. प्रत्येक देशाची तऱ्हा वेगळी.) त्यामुळे आपल्याकडच्या गीतकारासाठी छोटा पडदा, म्हणजे टीव्ही आणि मोबाइल, हाच मोठा पडदा आहे.

कायदा झाला म्हणून पैसे आपोआप सुरू झाले असं नाही. आयपीआरएस ही संस्था १९६९ पासून आहे, पण नव्या कायद्याखाली कॉपीराइट सोसायटी म्हणून तिची नोंदणी २०१७ मध्ये झाली. रॉयल्टी भरायची कुणी यावर वाद चालूच राहिले. रेडिओ कंपन्यांचं म्हणणं होतं की आम्ही रेकॉर्डिंगचे पैसे भरतो, मग शब्द-चालीचे वेगळे कशाला? २८ एप्रिल २०२३ ला मुंबई उच्च न्यायालयाने अंतरिम निर्णयात सांगितलं की २०१२ च्या दुरुस्तीनंतर रेकॉर्डिंग वाजवलं की त्यातल्या शब्द-चालीचाही वापर होतो, आणि त्याची रॉयल्टी लेखक-संगीतकारांना मिळाली पाहिजे. मघाशी सांगितलेल्या दोन मालमत्ता इथे पुन्हा भेटतात बघा.

प्रकाशक म्हणजे कोण?

'पब्लिशर' म्हटलं की आपल्याला पुस्तकवाला आठवतो. संगीतातही शब्द तिथूनच आला, कारण पूर्वी युरोपात गाण्याची स्वरलिपी छापून विकत. आता छपाई गेली, काम राहिलं: रचनेची नोंद करणं, ती कुठे वापरली जाते ते बघणं, सिंकसाठी ती प्रॉडक्शनवाल्यांपर्यंत पोहोचवणं, पैसे वसूल करणं. भारतात सिनेमाच्या गाण्यांचं हे काम बहुधा म्युझिक लेबलच करतं, म्हणून लेबल आणि प्रकाशक या दोन टोप्या एकाच डोक्यावर दिसतात.

आयपीआरएसमध्ये नेहमीची वाटणी अशी असते की रचनेच्या रॉयल्टीतला अर्धा भाग प्रकाशकाचा आणि उरलेल्या अर्ध्यात गीतकार आणि संगीतकार सारखे वाटेकरी. समजा एखाद्या गाण्याच्या वाट्याला १००० रुपये आले, तर ५०० प्रकाशकाला, २५० गीतकाराला, २५० संगीतकाराला. गाण्याला प्रकाशकच नसेल तर तो अर्धा भागही गाणं करणाऱ्यांकडेच राहतो. म्हणून कुणी "आम्ही तुमचं गाणं पब्लिश करतो" म्हणत आलं तर अर्ध्या हिश्श्याच्या बदल्यात ते नेमकं काय काम करणार, हे विचारायचा तुम्हाला पूर्ण हक्क आहे. नुसतं यूट्यूबवर अपलोड करणं म्हणजे पब्लिशिंग नव्हे. ते काम तुम्ही खोपोली लोकलमध्ये बसूनही करू शकता.

आणखी एक गैरसमज. स्पॉटिफाय वगैरेवर गाणं चढवणारी डिस्ट्रिब्युटर ॲप्स वापरणाऱ्या पोरांना वाटतं की तिथून येणारे पैसे म्हणजेच सगळी रॉयल्टी. साधारणपणे ते पैसे मास्टरचे असतात. शब्द-चालीची रॉयल्टी दुसऱ्या वाटेने, सोसायटीमार्फत येते. सोसायटीचे सदस्यच नसाल तर ती वाट तुमच्या घरापर्यंत येतच नाही. गायकांचा हिस्सा आणखी वेगळा, त्यांची सोसायटी आहे इसामरा.

क्यू शीट नावाचा कंटाळवाणा कागद

समजा सिरीज आली, गाणं वाजलं. सोसायटीला कळणार कसं की ते तुमचं आहे?

इथे क्यू शीट येते. एपिसोड तयार झाला की प्रॉडक्शन एक तक्ता बनवतं: कोणतं गाणं, कितव्या मिनिटाला, किती सेकंद, मागे वाजलं की पडद्यावर कुणी गायलं, गीतकार कोण, संगीतकार कोण, प्रकाशक कोण, कुणाचा वाटा किती. हा तक्ता चॅनेल किंवा ॲपकडे आणि पुढे सोसायटीकडे जातो. रॉयल्टीची विभागणी त्यावर चालते. मशीन आवाज ऐकून गाणं ओळखू शकतं हे खरं, पण लग्नाच्या सीनमध्ये वर भांडणाचे संवाद, मागे बँडबाजा, आणि त्याखाली तुमचं गाणं, अशा वेळी मशीनवर भरवसा ठेवू नका. कागदावर नाव असलेलं बरं.

त्या नावाला नंबर जोडलेले असतात. प्रत्येक रेकॉर्डिंगला १२ अक्षर-अंकांचा आयएसआरसी कोड मिळतो, बहुतेक वेळा तो डिस्ट्रिब्युटरच देतो. रचनेला आयएसडब्ल्यूसी असतो, तो 'टी'ने सुरू होतो आणि पुढे दहा अंक. आणि गीतकार-संगीतकाराला स्वतःचा आयपीआय नंबर, जो सोसायटीचा सदस्य झाल्यावर मिळतो. म्हणजे मास्टरला एक नंबर, रचनेला दुसरा, माणसाला तिसरा. एका तालुक्यात एकाच नावाची पाच पोरं सापडतील, नंबर मात्र प्रत्येकाचा वेगळा. आयपीआरएसचे परदेशातल्या सोसायट्यांशीही करार आहेत. लंडनमधलं मराठी कुटुंब तुमचं गाणं असलेली सिरीज पाहतं तेव्हा तिथली सोसायटी पैसे गोळा करते आणि ते इकडे पाठवताना याच नंबरांवरून तुम्हाला शोधते.

आता एक प्रयोग करा. स्पॉटिफायवर तुमचं किंवा ओळखीच्या कुणाचं गाणं उघडा, तीन टिंबांवर दाबा आणि क्रेडिट्स बघा. 'लिहिणारे' या जागी कुणाचं नाव आहे? माझ्या भावाच्या गाण्याला तिथे फक्त गायिकेचं नाव होतं. अपलोड करताना गीतकार-संगीतकाराचे रकाने यांनी घाईत रिकामे सोडले होते. डिस्ट्रिब्युटरच्या ॲपमध्ये जाऊन ते दुरुस्त करता येतात, आम्ही केले.

परंपरेतलं गाणं असेल तर?

हा भाग आमच्याकडे फार नाजूक आहे. रायगडात आगरी लग्नात धवलारीण बसते आणि धवले गाते. कर्जत-खालापूरच्या वाड्यांवर ठाकरांची, कातकऱ्यांची गाणी आहेत. ही गाणी कुणी एकाने रचलेली नाहीत, ती पिढ्यांकडून आली. त्यांच्या शब्द-चालीवर कुणाचाही कॉपीराइट नाही. त्यांच्यावर नवीन काम केलं, नवी कडवी जोडली, वेगळी वाद्यरचना केली, तर त्या नव्या भागापुरता हक्क तुमचा. पण आजीकडून ऐकलेलं गाणं जसंच्या तसं "गीत-संगीत: मी" म्हणून नोंदवणारे महाभाग मी पाहिले आहेत. ती लबाडी आहे, आणि उद्या दुसऱ्या वाडीतल्या पोराने तेच गाणं गायलं तर त्याच्या व्हिडिओवर उगाच क्लेम बसतो.

मग धवलारणीला काहीच नाही का? आहे. तिचा आवाज आणि तिचं गाणं सादर करणं ही तिची कला आहे आणि कायद्याच्या कलम ३८ मध्ये त्याला 'परफॉर्मर'चा हक्क म्हटलं आहे. तो पन्नास वर्षं टिकतो. सिनेमासाठी तिने लेखी संमती दिली तर नंतर ती वापराला हरकत घेऊ शकत नाही, पण व्यावसायिक वापरातल्या रॉयल्टीवरचा तिचा हक्क कलम ३८अ प्रमाणे राहतो. शूटिंगला गावातल्या बायका बोलावून, साडी-चोळी आणि जेवण देऊन गाणं रेकॉर्ड करून नेणारी युनिटं येतात. त्यांना हे माहीत असतं. बायकांना नसतं.

जुने शब्द आणि नवी चाल याचंही आमच्या शेजारचंच उदाहरण आहे. 'राजा शिवछत्रपती' ही नितीन देसाईंची मालिका २००८ मध्ये स्टार प्रवाहवर आली, शूटिंग याच स्टुडिओत. तिच्या शीर्षकगीतात शब्द शिवकाळातल्या कवी भूषणाचे आणि चाल अजय-अतुलची. भूषणाच्या शब्दांची मुदत केव्हाच सरलेली, त्यामुळे ते कुणीही घेऊ शकतं. चाल मात्र नवी आहे, ती घ्यायची तर परवानगी हवी.

मुदत मोजायची कशी? शब्द आणि चालीसाठी कर्त्याच्या मृत्यूनंतरच्या वर्षापासून ६० वर्षं. 'जैत रे जैत' घ्या, ठाकर जीवनावरचा गो. नी. दांडेकरांच्या कादंबरीवरून केलेला १९७७ चा सिनेमा. गाणी ना. धों. महानोरांची, संगीत हृदयनाथ मंगेशकरांचं. महानोर ३ ऑगस्ट २०२३ ला गेले. म्हणजे त्यांच्या शब्दांवरचा हक्क २०८३ संपेपर्यंत चालू राहील, तो आज कुणाच्याही नावावर असो. रेकॉर्डिंगचं गणित वेगळं, तिथे प्रसिद्ध झाल्यापासून ६० वर्षं मोजतात.

फार्महाऊसची रील

मधेच हेही सांगून टाकतो, कारण आमच्याकडे दर शनिवारी हे घडतं. कर्जतच्या एखाद्या फार्महाऊसचं इन्स्टाग्राम पेज स्विमिंग पूलची रील टाकतं आणि मागे 'झिंगाट'. तुम्ही स्वतःच्या खात्यावर ॲपच्या लायब्ररीतलं गाणं लावता तेव्हा मेटाने संगीत कंपन्यांशी केलेले करार तुम्हाला सांभाळतात. धंद्याच्या जाहिरातीला ते करार लागू नाहीत, म्हणूनच बिझनेस अकाउंटला गाण्यांची यादी आखूड दिसते. जाहिरातीत गाणं लावणं म्हणजे सिंकच, त्याचं लायसन्स घ्यावं लागतं. पेज सांभाळायचं काम तुमच्याकडे असेल तर मालकाला आधीच सांगा, नोटीस आल्यावर बोट तुमच्याकडेच येईल.

पुन्हा त्या पीडीएफकडे

"संपूर्ण विश्वात, कायमचे, सर्व माध्यमांत" हे शब्द का असतात ते आता सांगतो. आपल्या कलम १९ प्रमाणे करारात मुदत लिहिली नसेल तर ती पाच वर्षं धरतात आणि प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. शिवाय २०१२ पासून, करार करताना जे माध्यम अस्तित्वातच नव्हतं त्याला तो करार लागू होत नाही, तसं स्पष्ट लिहिलेलं असल्याशिवाय. म्हणून समोरचा वकील सगळ्या फटी बुजवतो. त्यात गैर काही नाही, त्याचं ते काम आहे. आपलं काम म्हणजे आपल्या बाजूच्या फटी बघणं.

आम्ही ईमेल पाठवला, तिघांच्या नावाने. "सर्व हक्क" काढा, त्याऐवजी ही सिरीज आणि तिचा ट्रेलर एवढ्यापुरतं लायसन्स घ्या. रॉयल्टी सोडल्याचं कलम काढा, ते तसंही टिकणारं नाही. क्यू शीटमध्ये आणि श्रेयनामावलीत तिघांची नावं टाका. फी वाढवा.

उत्तर यायला चार दिवस लागले. त्या चार दिवसांत भाऊ मला तीनदा म्हणाला, "दादा, जास्त ताणलं काय? गेलं ना हातातलं?" ही भीती खरी आहे. मोठ्या नावाला नकार ऐकायला लागत नाही, गावातल्या पोराच्या गाण्याऐवजी दुसरं गाणं पाच मिनिटांत मिळतं. त्यामुळे प्रत्येक वेळी ताणा असं मी म्हणणार नाही. पण हक्क विकणं आणि लायसन्स देणं यातला फरक मागून घेण्यात कुणाचा अपमान होत नाही.

उत्तरासोबत एक उलटा प्रश्न आला, आणि तो रास्त होता: बीटमधली ढोलकी कुठून आणली? करारात एक कलम असतंच की गाण्यातलं सगळं तुमचं स्वतःचं आहे, आणि कुणी दावा केला तर भरपाई तुम्ही द्याल. यूट्यूबवर 'फ्री बीट' शोधून वापरणाऱ्यांनी इथे कान टवकारा. तिथे फ्री म्हणजे बहुधा "पैसे न कमावता वापरा" एवढंच असतं. आमच्या नशिबाने ढोलकी ॲपच्या स्वतःच्या लायब्ररीतली होती आणि त्या ॲपच्या अटींमध्ये व्यावसायिक वापराला परवानगी होती. त्या पानाचा तारखेसह स्क्रीनशॉट काढून पाठवला. तुम्ही गाणं बनवाल त्याच दिवशी असा स्क्रीनशॉट काढून ठेवा, अटी नंतर बदलतात.

शेवटी लायसन्स झालं, सिरीज आणि ट्रेलरपुरतं, जगभरासाठी, कायमचं. जगभर आणि कायमचं यावर आम्ही अडून बसलो नाही. ॲपवरची सिरीज सगळीकडे दिसते, आणि पाच वर्षांनी एका गाण्यासाठी ती खाली काढा म्हणणं व्यवहाराला धरून नाही. फी पंचवीस हजार झाली. गायिकेला किती द्यायचे यावर दोघा मित्रांची थोडी खडाजंगी झाली, मग तिघांत सारखे वाटले. तेवढ्यातच एका साध्या कागदावर लिहून घेतलं: शब्द याचे, चाल त्याची, रचनेचा वाटा अर्धा-अर्धा, मास्टर तिघांचं. हा कागद गाणं बनवलं त्या दिवशीच करायला हवा होता.

गाण्याची कॉपीराइट ऑफिसकडे नोंद सक्तीची नाही, हक्क रचना केल्याक्षणीच मिळतो. पण पुरावा म्हणून नोंद उपयोगी पडते. शब्दांसाठी किंवा चालीसाठी प्रत्येकी ५०० रुपये, रेकॉर्डिंगसाठी २००० रुपये, अर्ज ऑनलाइन. अर्ज केल्यावर हरकतींसाठी ३० दिवस थांबतात. आयपीआरएसचं सदस्यत्व ही वेगळी गोष्ट, त्याचाही अर्ज फोनवरून भरता येतो. पॅन, बँक खात्याचा तपशील आणि प्रसिद्ध झालेल्या गाण्याची माहिती हाताशी ठेवा. नाव पॅनवर जसं आहे तसंच सगळीकडे लिहा.

सिरीज आली. गाणं तिसऱ्या भागात बावीस सेकंद वाजतं, त्यातला अर्धा वेळ वर मुलीच्या मामाचा संवाद चालू आहे. क्यू शीटची प्रत मागितली, ती महिन्याने मिळाली. त्यात मित्राच्या आडनावातलं एक अक्षर चुकलं होतं, ते पत्र लिहून दुरुस्त करून घेतलं. दोघांचे आयपीआरएसचे अर्ज गेलेत. मावशीने मात्र तो भाग सात वेळा बघितलाय, आणि दर वेळी मामा बोलायला लागला की ती त्याला शिव्या घालते.